युरी स्तोयानोव: १७ वर्षं भालदार-चोपदार, मग १९ वर्षं अख्खं गाव

जास्वंद_पुणे (धागाकर्ती)

मंडळी, दोन वर्षं झाली, संध्याकाळच्या वर्गाला जाऊन रशियन शिकतेय. सहा विभक्त्यांनी जीव नकोसा केला (आपल्या आठ आहेत हे अशा वेळी आठवत नाही), तेव्हा आमच्या बाई म्हणाल्या, पुस्तक मिटा आणि 'गोरोदोक' बघा. यूट्यूबवर ढिगानं पडलंय.

गोरोदोक म्हणजे छोटं शहर, गावच म्हणा ना. १९९३ च्या एप्रिलमध्ये सुरू झालेला विनोदी कार्यक्रम, २०१२ पर्यंत चालला. माणसं मुख्य दोनच: युरी स्तोयानोव आणि इल्या ओलेइनिकोव. पोलीस, दारुडे, डॉक्टर, पेशंट, सासू, जावई, दुकानातली तुसडी विक्रेती, सगळं हेच दोघं. बायका बहुतेक स्तोयानोवच्या वाट्याला, कारण ओलेइनिकोवची मिशी. ती काही तो काढत नाही.

मी सध्या स्तोयानोवच्या पूर्ण नादी लागलेय. कार्यक्रमाचा दिग्दर्शकही तोच. जन्म १९५७ चा, ओदेसाकडचा. मॉस्कोच्या गितिस या नाट्यशिक्षण संस्थेतून १९७८ ला बाहेर पडला आणि थेट लेनिनग्राडच्या बल्शोय ड्रामा थिएटरात. तोव्स्तोनोगोव या बड्या दिग्दर्शकाचं थिएटर ते! तिथं जागा मिळणं म्हणजे घरच्यांनी पेढे वाटायचे. आणि त्यानंतर १७ वर्षं वाट्याला काय, तर गर्दीतला एक, गिटार घेऊन गाणारा एक, निरोप आणणारा एक. मोझार्ट साकारायला मिळाला, पण तोही आधी दुसऱ्यानं गाजवलेला. १९९५ ला थिएटर सोडलं. गोरोदोक सुरू झाला तेव्हा हा पस्तिशीचा.

मला पडलेले प्रश्न: ती १७ वर्षं फुकट गेली म्हणायची का? तो नट म्हणून मोठा की दिग्दर्शक म्हणून? आणि ओलेइनिकोव २०१२ मध्ये गेला तेव्हा यानं कार्यक्रमच बंद केला, ते बरोबर केलं का?

बारक्या

पहिला! वाचून येतो.

खारे_दाणे

भालदार-चोपदार वाचून संगीत नाटकाचा धागा समजून लगबगीनं आलो. आता आलोच आहे तर बसतो. चहा टाका.

व्होल्गाकाठचा_डॉक्टर

अरे देवा, कुठून काढलंत हे! १९९६ ते २००२ व्होल्गोग्रादला वैद्यकीय शिकायला होतो. आधी एक चूक दुरुस्त करतो, राग मानू नका. लिहितात गोरोदोक, पण म्हणायचं साधारण 'गरादोक'. आघात शेवटच्या ओ-वर आहे, त्यामुळे आधीचे दोन्ही ओ 'अ'कडे झुकतात. 'गोरोदोक' म्हणालात तर दुकानातली बाई तुम्हाला पाव देईल, पण हसून देईल.

आमच्या हॉस्टेलच्या दाराशी एक दिजूरनाया बसायची. म्हणजे ड्युटीवरची बाई. कोण आलं, कोण गेलं, कुणाकडे चोरटा हीटर आहे, सगळी खबर तिच्याकडे. टेबलावर एवढासा काळा-पांढरा टीव्ही. पहिल्या वर्षी मला भाषा शून्य. तेव्हा मी 'मास्की-शो' बघायचो, ओदेसाच्या गेओर्गी देलिएवचा. तोही दिग्दर्शक आणि नट एकच. त्यात संवाद जवळपास नसतात, मूकपटासारखी धावपळ आणि आपटाआपटी, त्यामुळे नाशिकच्या पोरालाही समजायचं. गरादोकला मात्र दिजूरनाया खो खो हसायची आणि मी तिच्या तोंडाकडे बघत उभा. तिसऱ्या वर्षी एकदा मी तिच्या आधी हसलो. तिनं मान वळवून पाहिलं आणि म्हणाली, आता तुला रशियन येतं. आमच्या विद्यापीठाचं प्रमाणपत्र नंतर मिळालं, हे आधी.

१९९८ च्या ऑगस्टमध्ये रुबल कोसळला. डॉलरला ६ रुबल होते ते वर्षअखेरीस २० च्या वर गेले. आम्ही डॉलर घेऊन आलेली पोरं अचानक राजे झालो आणि ही बाई पगार पुरेना म्हणून घरचं लोणचं विकायला आणायची, काकड्यांचं, मोठ्या बरणीत. त्या हिवाळ्यात तिनं गरादोक चुकवलेला मला आठवत नाही. शीर्षकगीत लागलं, आंझेलिका वारुमचं, की लोणच्याचं गिऱ्हाईकही दारात थांबायचं.

जास्वंद_पुणे

डॉक्टरसाहेब, हे वाचून धागा काढल्याचं सार्थक झालं. गरादोक, गरादोक, गरादोक. दहा वेळा म्हटलं. शीर्षकात नाव नाहीये ते बरं, दुरुस्तीसाठी संपादकांच्या पाया पडायला नको.

पेठेतला_आगाऊ

मी दहा-बारा तुकडे पाहिले, खाली अक्षरं लावून. माफ करा, पण काय आहे त्यात? नवरा-बायको, डॉक्टर-पेशंट, दारुडा-पोलीस. वर छुपा कॅमेरा लावून रस्त्यावरच्या लोकांना गंडवणं. हे तर आपल्याकडच्या कुठल्याही चॅनेलवर रात्री नऊला फुकट मिळतं. परदेशी आहे म्हणून अभिजात, असं आहे का?

बारक्या

वाचून आलो. आगाऊंशी सहमत. पळतो.

कात्री_कामगार

आगाऊराव, मी मुंबईत मालिकांच्या एडिटवर १४ वर्षं घालवली, त्यातली चार विनोदी कार्यक्रमांवर. म्हणून थोडं सविस्तर.

तुम्ही विषय पाहिलेत. विषय जगभर तेच असतात, सासू कुठं नसते? तुकडा बांधलाय कसा ते बघा. आपल्याकडे स्किट म्हणजे मंचावर उभं राहून केलेला खेळ, समोर पाहुणे बसलेले, तीन कॅमेरे, आणि हशा कमी पडला की तो एडिटला बाहेरून भरायचा. आम्ही भरलाय. चांगल्या घरच्या माणसानं सांगू नये, पण भरलाय. गरादोकचा तुकडा म्हणजे दीड-दोन मिनिटांचा सिनेमा. खरी खोली, खरा जिना, खरं बस-स्थानक. पहिल्या शॉटमध्ये तुम्हाला एक गोष्ट दिसते, तुम्ही मनाशी ठरवता की हे असं आहे. शेवटच्या शॉटमध्ये कॅमेरा जरा मागे येतो किंवा दुसरीकडून दाखवतो आणि तुम्ही ठरवलेलं सगळं उलटं. यात शब्दांची करामत थोडी. दिग्दर्शकानं काय दाखवायचं आणि काय लपवायचं यावर सगळा डोलारा उभा.

अजून एक. उलगडा झाल्यावर स्तोयानोव लगेच कट मारत नाही. समोरच्याच्या चेहऱ्यावर अर्धा-एक सेकंद थांबतो. बहुतेकदा तो चेहरा ओलेइनिकोवचा असतो. माझ्यासारखा घाईचा एडिटर ते अर्धं सेकंद कापून टाकेल, कारण निर्माता मागे उभा असतो आणि तयार एपिसोडचा साठा संपलेला असतो.

छुप्या कॅमेऱ्याचा भाग मलाही आवडत नाही. तेवढ्यापुरता तुमच्या बाजूनं.

पेठेतला_आगाऊ

अर्ध्या सेकंदाचं पटलं. पुन्हा बघतो. हशा भरता हे कबूल केल्याबद्दल आभार, आमच्या घरी त्यावरून वाद होता.

ओझरकर_काका

मी नोकरी ओझरला केली, मिगच्या कारखान्यात. सोव्हिएत तंत्रज्ञ आमच्या टाउनशिपमध्ये राहायचे आणि ऐंशीच्या दशकात मीही प्रशिक्षणाला काही महिने तिकडे होतो. तेव्हा हा गरादोक नव्हता, त्यामुळे त्याच्यावर बोलण्याचा अधिकार नाही. पण हे झाड ज्या मातीत उगवलं ती थोडी पाहिली आहे.

लेनिनग्राडचा विनोद म्हणजे अर्कादी रायकिन. एक माणूस, पडद्याआड जायचा, बाहेर यायचा तो दुसराच होऊन. नाक बदललं, टोपी बदलली, चालच बदलली. भ्रष्ट गोदामवाला, मठ्ठ साहेब, सगळे एकाच अंगात. तो १९८७ च्या डिसेंबरात गेला. मिखाईल झ्वानेत्स्की त्याच्यासाठी लिहायचा आणि तो मूळ ओदेसाचा. हे ओदेसा प्रकरण मोठं आहे. आपल्याकडे कसं, अमुक गावचा म्हटला की तिरकसच बोलणार असं गृहीत धरतात, तसं तिकडे ओदेसा. १९७३ ला तिथं १ एप्रिलची विनोदाची जत्राच सुरू झाली. म्हणजे बघा, ओदेसाचं तोंड आणि लेनिनग्राडचं थिएटर ही सोयरीक जुनीच आहे. स्तोयानोव त्याच वाटेनं आला.

दुसरं, दिग्दर्शकानं स्वतः पडद्यावर यायची हौस. एल्दार रियाझानोव हा त्यांचा थोर विनोदी दिग्दर्शक. त्याचा तो नववर्षाचा टीव्हीपट १ जानेवारी १९७६ ला पहिल्यांदा दाखवला आणि तेव्हापासून ३१ डिसेंबरला घराघरांत लागतो. त्यात नायक झिंगून विमानात शेजारच्या प्रवाशाच्या खांद्यावर पुनःपुन्हा कलंडतो. तो वैतागलेला प्रवासी म्हणजे स्वतः रियाझानोव. मी तो ज्या घरी पाहिला तिथल्या आजोबांनी मला तेवढ्या दृश्यासाठी ढोसून जागं केलं होतं. मीही झिंगूनच कलंडलो होतो, पण ते असो.

खारे_दाणे

काका, "ते असो" असं नाही चालणार. वेगळा धागा काढा.

मीनल_व

मला मुळातच एक खटकतं आणि ते इथे कुणी बोलत नाहीये. बाईच्या वेशातला पुरुष. आपल्याकडच्या विनोदी कार्यक्रमांत पुरुषानं साडी नेसली की अर्धा विनोद झालाच, बाकी काही लिहायला नको. पदर खेचायचा, कंबर हलवायची, आवाज किनरा करायचा. मला वीट आलाय. आणि आता रशियातला एक सापडला म्हणून आपण त्याची आरती ओवाळतोय?

जास्वंद_पुणे

मीनलताई, मलाही आपल्याकडचं तसलं बघवत नाही. म्हणून पहिल्यांदा स्तोयानोवला पाहिलं तेव्हा पाच मिनिटं मला कळलंच नव्हतं की तो आहे. तो बाईची थट्टा करत नाही, ती बाई होतो. तिकीट खिडकीवरची बाई बघा: कंटाळलेली, पाय दुखत असलेली, नखांकडे बघत उत्तर देणारी. यात हसू येतं ते ती बाई आपण काल पोस्टात पाहिलेली असते म्हणून. पुरुषानं लिपस्टिक लावल्याचा त्यात काही भाग नाही.

मीनल_व

बघते. पण कुठे तरी एकदा तरी पदर खेचलाच असेल.

कात्री_कामगार

१९ वर्षांत खेचला असणारच. सगळे तुकडे सारखे चांगले नाहीत. शेवटच्या काही वर्षांतले तर मला दमलेले वाटतात.

मीनलताई, आपल्याकडे दिलीप प्रभावळकरांनी 'हसवाफसवी'त एकट्यानं सहा भूमिका केल्या, त्यात एक बाई होती. तिच्यात कुणाला थिल्लरपणा दिसला? परंपरा आपल्याकडे आहे, बालगंधर्वांपासून आहे. आता घाई आहे, एवढंच.

सातपाटीचा_दर्या

कुणी हा प्रश्न का विचारत नाही की ओदेसात जन्मलेला माणूस रशियाच्या सरकारी वाहिनीवर इतकी वर्षं काम करतो, आणि आता २०२२ नंतर त्याच ओदेसावर

संपादक

दर्या, प्रतिसादाचा उरलेला भाग काढला आहे. युद्धावर स्वतंत्र धागा आहे, तिथं लिहावं. इथं विषय विनोदी कार्यक्रम हाच राहू द्या.

सातपाटीचा_दर्या

ठीक. पण मग एवढं तरी नोंदवतो की या 'पीटर्सबर्गच्या' (म्हणजे आधीच्या लेनिनग्राडच्या) जोडीतला एकही पीटर्सबर्गचा नव्हता. एक ओदेसाकडचा, वडिलांकडून बल्गेरियन रक्ताचा. दुसरा किशिनेवचा ज्यू, म्हणजे आजचं मोल्दोवा. मूळ आडनाव क्ल्यावेर, ओलेइनिकोव हे बायकोचं आडनाव लावलेलं.

खारे_दाणे

बायकोचं आडनाव लावलं आणि मिशी राखली. हिशोब बरोबर.

पाचगणी_पोस्ट

स्तोयानोवनं आठवणींचं पुस्तक लिहिलंय, त्याचं नाव 'इग्रा व गोरोदकी'. हे नाव कळायला एक खेळ माहीत हवा. गोरोदकी हा जुना रशियन मैदानी खेळ. लाकडाच्या पाच दांडक्या रचून आकृती करायची आणि लांबून जाड दांडा भिरकावून ती उडवायची. अशा १५ आकृत्या ठरलेल्या असतात. म्हणजे शीर्षकाचा एक अर्थ 'गोरोदकीचा खेळ' आणि दुसरा 'गरादोक-गरादोक खेळणं'. मराठीत करायचं तर लगोरी आठवते, पण लगोरीत पुन्हा रचायची असते. इथं फक्त पाडायचं.

त्याच्या एकपात्री कार्यक्रमाचं नावही असंच, '१००यानोव'. रशियनमध्ये १०० ला 'स्तो' म्हणतात, म्हणून स्तो-यानोव. शंभर माणसं एकटाच करतो असंही त्यात आलं.

बारक्या

आमच्या गल्लीत लगोरीत पण फक्त पाडायचो, रचायला कोणी थांबायचं नाही.

व्होल्गाकाठचा_डॉक्टर

आगाऊरावांनी विचारलं होतं 'काय आहे त्यात', त्याला माझ्यापरीनं उत्तर देतो. तो काळ डोळ्यासमोर आणा. १९९२ च्या जानेवारीत सरकारनं किमती मोकळ्या सोडल्या आणि त्या एका वर्षात महागाई २५०० टक्क्यांवर गेली. आयुष्यभराची बचत एका पावाच्या किमतीची झाली. टीव्हीवर दोन प्रकार: एक बातम्या, त्या बघून रडू यायचं, दुसरं राजकीय टोमणे. एनटीव्ही या वाहिनीवर १९९४ पासून 'कुकली' नावाचा बाहुल्यांचा कार्यक्रम होता, पुढाऱ्यांच्या बाहुल्या करून सोलून काढायचे. तो फार धारदार होता, पण बघायला आधी पेपर वाचलेला हवा.

गरादोकात पुढारी जवळपास नाहीतच. जिन्यातला शेजारी आहे, किरमिजी कोट घातलेला नवश्रीमंत आहे, पेन्शनर आहे, दवाखान्यातली रांग आहे. म्हणजे आमची दिजूरनायाच त्यात होती. तिच्या आयुष्याचा चुराडा झाला होता आणि टीव्हीवर कुणीतरी तिच्याकडे बघून हसत होतं, पण तिला खिजवत नव्हतं. मला तेव्हा हे काही कळत नव्हतं. मी फक्त तिच्या खुर्चीमागे उभा राहून शब्द वेचत होतो.

पेठेतला_आगाऊ

डॉक्टर, हे आधी सांगितलं असतं तर मी गप्प बसलो असतो. नसतो बसलो, पण निदान उशिरा बोललो असतो.

किल्ली_हरवली

नट म्हणून मोठा का, हा प्रश्न होता ना? मी गरादोक पाहिलेलाच नाही. मी स्तोयानोवला पहिल्यांदा पाहिलं ते दिग्दर्शक मिखाल्कोवच्या २००७ च्या '१२' मध्ये, बारा ज्यूरींपैकी एक म्हणून. ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेलेला चित्रपट. मूळ गोष्ट अमेरिकन. तीच आपल्याकडे बासू चॅटर्जींनी १९८६ मध्ये 'एक रुका हुआ फैसला' करताना घेतली होती. एकच बंद खोली, तिकडे आणि इकडे. पुढं 'मधल्या पट्ट्यातले व्हँपायर' अशा अर्थाच्या मालिकेत, २०२१ ची, तो म्हातारा व्हँपायर झालाय, स्मोलेन्स्कमधल्या रक्तपिपासू कुटुंबाचा कर्ता. ती भूमिका आधी मिखाईल येफ्रेमोव या नटाकडे होती. येफ्रेमोवनं २०२० मध्ये दारू पिऊन गाडी ठोकली, समोरचा माणूस गेला, हा तुरुंगात, आणि भूमिका स्तोयानोवकडे आली. त्याचा तो शांत, थोडा थकलेला, हजारभर वर्षं माणसं बघून कंटाळलेला चेहरा बघून मला वाटलेलं की हा गंभीर भूमिकांचाच नट असणार. विनोदी कार्यक्रम करायचा हे मला आज इथं कळतंय.

जास्वंद_पुणे

मोझार्टही दुसऱ्याच्या हातून आलेला, व्हँपायरही! उरलेलं ताट वाट्याला आलं तरी नीट जेवणारा माणूस दिसतोय.

खारे_दाणे

म्हणजे धाकटा भाऊ. मोठ्याचे शर्ट घालून मोठा झालेला.

ओझरकर_काका

त्या थिएटरच्या बाजूनंही एक बोलतो. तोव्स्तोनोगोवनं १९५६ पासून मरेपर्यंत, म्हणजे १९८९ पर्यंत ते चालवलं. तिथं लाव्रोव, लेबेदेव, बासिलाश्विली असे एकाहून एक नट होते. वडाखाली दुसरं झाड वाढत नाही हे खरं, पण वडाचा काही दोष नसतो. नव्या पोराला भूमिका कुठून देणार? मात्र रोज रात्री विंगेत उभं राहून लेबेदेवला बघायला मिळत असेल तर मी स्वतः १७ वर्षं भाला धरून उभा राहिलो असतो. पगार थोडा वाढवून मागितला असता.

कात्री_कामगार

काका, नेमकं. फुकट गेली का या प्रश्नाला मी हेच म्हणणार होतो. गर्दीतल्या नटाला एकच काम असतं: तीस सेकंदात, न बोलता, आपण कोण आहोत ते दाखवायचं आणि मुख्य नटाच्या आड यायचं नाही. गरादोकमध्ये तो दुसरं काय करतो?

देव्हाऱ्यातली_समई

एवढा वेळ वाचत होते. सगळे स्तोयानोव स्तोयानोव करताहेत म्हणून खाते उघडल्यावरचा पहिलाच प्रतिसाद लिहितेय. ओलेइनिकोवला तुम्ही मिशी करून ठेवलंय.

तो स्तोयानोवपेक्षा बरोबर दहा वर्षांनी मोठा. बरोबर म्हणजे अगदी बरोबर: एक १० जुलै १९४७, दुसरा १० जुलै १९५७. दोघं एकत्र आले ते 'अनेक्दोती' नावाच्या १९९० च्या चित्रपटात (रशियनमध्ये अनेक्दोत म्हणजे आपला विनोदी चुटका). एकच वाढदिवस आहे हे कळल्यावर दोस्ती झाली. मग 'केर्गुदू' आणि 'आदामोवो याब्लको' अशा कार्यक्रमांत लहान तुकडे केले आणि त्यातून गरादोक.

पण ओलेइनिकोवचं आयुष्य तिथं सुरू झालेलं नाही. सर्कस आणि मनोरंजन मंचाच्या शाळेत तो शिकला. पुढे लेनिनग्राडात रोमान कझाकोवबरोबर त्याची जोडी जमली. १९७७ च्या अखिल सोव्हिएत स्पर्धेत त्या दोघांनी बक्षीस मिळवलं, देशभर कार्यक्रम केले. १९८६ मध्ये कझाकोव गेला. जोडीतला एक गेल्यावर उरलेला कसा असतो हे ओलेइनिकोवनं आधीच भोगलं होतं. चार वर्षं इकडे तिकडे वेगळ्या माणसांबरोबर करून पाहिलं, जमलं नाही, आणि मग हा दहा वर्षांनी लहान, थिएटरात कुजत पडलेला माणूस भेटला.

आणि पैशाचं म्हणाल तर या माणसानं स्वतःची पुंजी घालून 'प्रोरोक' नावाची संगीतिका काढली, संगीतही स्वतःचं. ती बुडाली आणि डोक्यावर कर्ज झालं. नाटक कंपनीपायी घर विकणारे आपल्याकडेही होऊन गेलेत, तोच प्रकार. त्यावर २०१२ मध्ये फुप्फुसाचा कर्करोग निघाला. ११ नोव्हेंबरला गेला, ६५ वर्षांचा होता.

जास्वंद_पुणे

समई, हे मला माहीत नव्हतं. कझाकोवचं नावसुद्धा नाही. मी तिसरा प्रश्न विचारला होता की बंद केलं ते बरोबर का. आता प्रश्नच अवघड झाला. एकाच जोडीत दोन उत्तरं आहेत. ओलेइनिकोवनं जोडीदार गेल्यावर दुसरा शोधला, म्हणून तर गरादोक झाला. तो 'आता कुणाबरोबर नाही' म्हणून घरी बसला असता तर स्तोयानोव १९९५ नंतरही भालाच धरून उभा असता.

पेठेतला_आगाऊ

मग स्तोयानोवनंही शोधायला हवा होता. सोपं आहे.

देव्हाऱ्यातली_समई

सोपं नाही. ओलेइनिकोव आणि कझाकोव मंचावरचे कलाकार होते. लिहिलेला मजकूर, दोन माणसं, एक माईक; ती जागा दुसरा भरू शकतो, निदान प्रयत्न तरी करता येतो. गरादोक म्हणजे ते दोन चेहरे होते, १९ वर्षं घरात येणारे. आणि वयही बघा. ओलेइनिकोव नवी जोडी जमवताना त्रेचाळीसचा होता, स्तोयानोव एकटा पडला तेव्हा पंचावन्नचा. आमच्या ह्यांचं भजनी मंडळ आहे, पखवाजवाले गेले तेव्हा वर्षभर नुसत्या टाळांवर चाललं होतं. नवीन मुलगा आला, वाजवतोही छान. पण जुनी मंडळी अजून अभंग सुरू करताना उजवीकडेच बघतात आणि तो मुलगा बसतो डावीकडे.

कात्री_कामगार

मी वर म्हणालो ते अर्धं सेकंद. उलगडा झाल्यावर कॅमेरा थांबतो तो चेहरा ओलेइनिकोवचा. आता दिग्दर्शक म्हणून विचार करा, कॅमेरा थांबवायचा कुठं? '१००यानोव'मध्ये तो कॅमेरा स्वतःवर थांबवतो. छान करतो, पण मला तिथं दर वेळी एक रिकामी खुर्ची दिसते. मी तरी बंद केलं ते बरोबर असंच म्हणेन.

किल्ली_हरवली

आणि बंद केलं म्हणून तो व्हँपायर झाला, हेही धरा की.

मीनल_व

काल रात्री बसून बावीस तुकडे पाहिले. तिकीट खिडकीवाली सापडली. ती आमच्या सोसायटीच्या जवळच्या एका सरकारी कार्यालयात बसते, नाव सांगत नाही. पदर एकदाच खेचला. तेवढा सोडून बाकी मागे घेते.

बारक्या

बावीस?? अन् मला म्हणतात पळतो म्हणून.

व्होल्गाकाठचा_डॉक्टर

समईताई, पखवाजाचं वाचून आठवलं. २०१२ च्या नोव्हेंबरात ही बातमी मी नाशिकला दवाखान्यात बसून वाचली. तोपर्यंत व्होल्गोग्राद सोडून दहा वर्षं झाली होती. समोर पेशंट बसले होते, त्यांना काय सांगणार कोण गेलं ते. दिजूरनायाला फोन करावासा वाटला, पण तिचा नंबर कधी घेतलाच नव्हता. ती दारातच असायची ना.

खारे_दाणे

डॉक्टर, त्या काकड्यांच्या लोणच्याची कृती आहे का? पाककृती विभागात टाका.

व्होल्गाकाठचा_डॉक्टर

शेपूची फुलं, लसूण, ब्लॅककरंटच्या झुडपाची पानं. ती पानं नाशिकला मिळत नाहीत. बाकी कृती रविवारी टाकतो.

जास्वंद_पुणे

मी आज वर्गात 'गरादोक' बरोबर म्हटलं. बाईंनी विचारलं कुठं शिकलीस. म्हटलं, दारातल्या एका बाईंकडून.